मेणातले दात

धाकटी जाऊ कवळ्या बनवायची. तिसऱ्या मजल्यावरच्या दोन खोल्यांच्या लॅबमध्ये, खिडकीपाशी, दाराकडे पाठ करून. अकरा वर्षांत एकाही डॉक्टरनं तिचं तोंड पाहिलं नव्हतं. तयार काम दवाखान्यात पोचवायची थोरली जाऊ. ती बोलकी, डॉक्टरांच्या मुलाबाळांची चौकशी केल्याशिवाय कवळीचा डबा उघडायची नाही.

धाकटीची एक रीत होती. माणसाचे दात शाबूत असतानाचा फोटो मागवायचा आणि पुढचा एखादा दात मुद्दाम किंचित तिरपा बसवायचा. "सगळे सरळ बसवले की माणूस दुकानातल्या बाहुलीसारखा हसतो," ती म्हणायची. तेही घरी, भाजी चिरताना. बाहेर तिच्या तोंडाला कुलूप.

मोठ्या रुग्णालयानं लॅबला बोलावलं. त्यांना एकच माणूस हवा होता, ज्याच्याशी डॉक्टर थेट बोलतील.

"तूच बोलायचंस," थोरली म्हणाली. "आणखी किती वर्षं भिंतीकडे तोंड करून बसणार आहेस?"

"वहिनी, माझी बोबडी वळते."

"मग वळव ना सरळ. मी आहे."

बारा दिवस स्वयंपाकघरात तालीम चालली. थोरली ओट्याला टेकून डॉक्टर व्हायची, कपाळाला आठ्या घालून आडवेतिडवे प्रश्न विचारायची. "मान वर. 'मला वाटतं' म्हणू नकोस, 'मी करते' म्हण." बाहुलीचं वाक्य तर तिनं चार वेळा म्हणून घेतलं. "हे आधी सांग. माणसं हसतात, मग ऐकतात." सासूबाई धाकटीनंच केलेल्या कवळीतल्या तिरप्या दातानं हसत म्हणाल्या, "जावा नव्हेत, पाठच्या बहिणी!" धाकटीला भरून आलं होतं.

बैठकीत ती उठणार, तेवढ्यात थोरली उठली.

"सगळे सरळ बसवले की माणूस दुकानातल्या बाहुलीसारखा हसतो," थोरली म्हणाली. डॉक्टर हसले. मग तिनं सगळंच सांगितलं. फोटो, तिरपा दात, वाक्यामागून वाक्य. आणि दर वाक्यात 'मी करते'.

"पण तिरपा करायला कोणता दात निवडायचा, हे कसं ठरवता?" मोठ्या डॉक्टरांनी विचारलं.

थोरली अडली. हे तालमीत आलं नव्हतं.

धाकटी उभी राहिली. मान वर. "फोटोत हसताना ओठ ज्या बाजूला जास्त उचलला जातो, त्या बाजूचा. मी करते," ती म्हणाली. आवाज एकदाही कापला नाही.

डॉक्टर कौतुकानं थोरलीकडे वळले. "वा! छान तयार केलंय हो तुम्ही यांना."

थोरली लाजली. खोटं बोलली नाही, खरंही बोलली नाही.

"अगं, तू ऐन वेळी गप्प झाली असतीस तर?" घरी जाताना बसमध्ये ती म्हणाली. "लॅबचं भलं झालं ना? आणि काय झकास बोललीस!" धाकटीच्या मनात आलं, केसानं गळा कापणाऱ्यालाच 'किती हळू कापलात' म्हणायचं की काय?

सोमवारी रुग्णालयाचं पहिलं काम आलं. सोबत म्हाताऱ्याचा जुना फोटो. पक्की कवळी करण्याआधी डॉक्टरांना दाखवायला धाकटीनं मेणाच्या पाटीवर दात लावले, एका ओळीत, पट्टीनं आखल्यासारखे. थोरली घेऊन गेली आणि तासाभरात परत आली.

"डॉक्टर म्हणतात, हे तुमचं काम वाटत नाही. तिरपा कुठाय?"

धाकटीनं पाटी तिच्यापुढे सरकवली. वर फोटो ठेवला. तापवलेली सुरी मुठीकडून पुढे केली.

"मेण मऊच आहे, वहिनी. बसवा."

थोरली सुरी हातात घेऊन फोटोकडे बघत उभी राहिली. धाकटीनं दाराकडे पाठ केली नाही. ती समोरच बसून राहिली.