उसात हरवलेले मामा

पाटणच्या वरच्या अंगाला, कोयनेच्या जंगलात वनरक्षक म्हणून माझी बदली झाली तेव्हा मी तिशीला टेकलो होतो. जन्म सगळा सांगलीतला. अब्बांचं हळदीच्या पेठेजवळ पोती शिवायचं दुकान. घरात चुलते, त्यांची पोरं, आम्ही भावंडं मिळून कायम तेरा-चौदा माणसं. एका खोलीत एकट्यानं झोपायची वेळ माझ्यावर तोवर आली नव्हती. आणि चौकी मिळाली ती डांबरी सडकेपासून तीन तास चालत, दाट झाडीत. भर दुपारीही आत कंदील लावावा लागेल इतका अंधार. पाऊस थांबला तरी पानांवरनं गळत राहायचा, तासन्‌तास.

चौकीपासून हाकेच्या अंतरावर एक वाडी होती. पूर्वी तिथं सात घरं होती. अभयारण्य झालं, पुनर्वसन सुरू झालं आणि एकेक घर खाली कडेगावच्या बाजूला सरकारनं दिलेल्या जमिनीवर गेलं. मी आलो तेव्हा एकच घर राहिलं होतं. त्यात एक म्हातारा आणि त्याची बायको. त्यांचा मुलगाही बायकापोरांसकट खाली गेला होता.

त्या म्हाताऱ्याची माझी पहिली भेट धुरामुळं झाली. तिसऱ्या दिवशी दुपारी भाताला आधण ठेवलं होतं. सरपण सगळं भिजलेलं. चौकीच्या मागं एक वाळकं लाकूड सापडलं, ते मी चुलीत घातलं. थोड्या वेळात डोक्यावर घोंगडं घेतलेला एक वाळकुडा माणूस धावतच दारात आला. त्यानं ते लाकूड चिमट्यानं ओढलं आणि बाहेर पावसात टाकलं.

"बिबा हाय त्यो," तो म्हणाला. "जंगली बिबा. वासानं कळलं मला. धूर लागलाय तुला, आता उतंल."

दुसऱ्या दिवशी सकाळी माझं तोंड भोपळ्यासारखं सुजलं होतं, डोळे उघडेनात. त्याच्या बायकोनं सुकं खोबरं वाटून पाठवलं. चार दिवस तो रोज येऊन ते माझ्या तोंडाला लावायचा. तेव्हापासून मी त्याला मामा म्हणायला लागलो, तिला मामी. आधी ते मला सायेब म्हणायचे. दिवाळीपर्यंत मामांचं 'अरं गड्या' सुरू झालं.

मामांना रस्ता असा माहीत नव्हता. झाडं माहीत होती. मला गस्तीची वाट सांगताना ते म्हणायचे, "त्या वाकड्या जांभळीपास्नं खाली उतर. फणस लागंल, त्येला पाठ लावून उभा ऱ्हा. म्होरं अंजनीची दाटी दिसंल, तिकडं जाऊ नगं, अस्वल असतंय." मी मोबाईलमध्ये नकाशा उघडून बघायचो, तर त्यात नुसता हिरवा रंग. दोघं वेगवेगळ्या वाटेनं जात असलो की मामा मधनंमधनं हाळी द्यायचे, "कूऽऽ", लांबवलेली, शेवटी वर चढवलेली. मी उलट हाळी दिली की त्यांना मी कुठं आहे ते कळायचं. दाट झाडीत माणूस दहा पावलांवर दिसत नाही, तिथं या हाळीशिवाय भागत नाही. मलाही ती जमायला लागली.

जंगलावरच त्यांचं चालायचं. थोडा नाचणा, एक म्हैस, उन्हाळ्यात हिरडा, मध, शिकेकाई. आता यातलं काहीच गोळा करायला परवानगी नव्हती आणि ते बघायलाच मला ठेवलं होतं. बहुतेक वेळा मी तोंड दुसरीकडं करायचो. पण एकदा वरिष्ठ पाहणीला यायचे होते, तेव्हा मी त्यांच्या अंगणातली हिरड्याची दोन पोती जप्त केली. एक पोतं उचलून पाच पावलं गेलो आणि खाली ठेवलं. मामांनी ते उचललं, पाठीवर टाकलं, चौकीत नेऊन ठेवलं, परत आले आणि दुसरंही नेलं. मला पाणी मागितलं, प्याले आणि गेले. त्या दिवशी मला जेवण गेलं नाही.

दोन पावसाळे असे गेले. तिसऱ्या पावसाळ्यात मामी म्हशीसाठी पाला आणायला गेली आणि शेवाळावरनं पाय घसरून पडली. खुबा मोडला होता. मी डोंगराच्या खांद्यावर रेंज येते तिथं पळत गेलो, फोन केला. सडकेपर्यंत गाडी येईल, पुढं येणार नाही, असं उत्तर मिळालं. पूर्वी अशा वेळी वाडीतले आठजण आळीपाळीनं खांदा द्यायचे. आता आम्ही दोघंच. घोंगड्याची झोळी केली, बांबूला बांधली, पुढं मामा, मागं मी. पाऊस उभा कोसळत होता. जळवा पायांवरनं मांड्यांपर्यंत चढल्या होत्या, काढायला हात मोकळा नव्हता. मामी झोळीतनं सारखी म्हणत होती, "टेका जरा. दमला आसाल. टेका." बाकी वेळ ती दातात पदर धरून विव्हळणं आवरत होती. तीन तासांच्या वाटेला सहा तास लागले. कऱ्हाडच्या दवाखान्यात तिचं ऑपरेशन झालं.

त्यानंतर पंधरा दिवसांनी मला कार्यालयात बोलावणं आलं. वरिष्ठ चांगला माणूस होता. म्हणाला, "तुझं ऐकतात ते. एकच घर राहिलंय. समजावून सांग."

मी सांगितलं. कसं सांगितलं ते मला अजून शब्दन्‌शब्द आठवतं. मामा ओट्यावर कोयता परजत बसले होते. मी म्हणालो, "मामा, परत असं झालं तर कोण उचलणार?"

"तू हायेस की."

"माझी बदली होणार. आज ना उद्या."

त्यांचा हात थांबला. पात्याची धार त्यांनी बोटानं चाचपली. मग म्हणाले, "व्हय. त्ये बी हाय." आणि परत परजायला लागले. दुसऱ्या दिवशी त्यांनी कागदावर अंगठा दिला.

मी खोटं बोललो नव्हतो. मामीला पायऱ्या नसलेलं घर, जवळ डॉक्टर, नातवंडं, हे सगळं खरंच पाहिजे होतं. पण माझं कामही त्याच वाक्यानं झालं, हेही खरं. माझ्या बदलीचा आदेश कुठंच निघालेला नव्हता. पुढं तीन वर्षं मी त्याच चौकीत होतो.

ते गेल्यावर जंगल बदललं. कागदावर लिहायला सगळं चांगलंच होतं. वाडीच्या वाटेवर आम्ही कॅमेरे लावले होते, जनावर समोरनं गेलं की आपोआप फोटो निघतो असे. मामांच्या अंगणात गवे यायला लागले. अस्वल आलं. एकदा बिबट्या ओट्यावर आडवा झालेला दिसला. कार्यालयात ते फोटो सगळ्यांनी बघितले, मलाही शाबासकी मिळाली. मी महिन्याचे फोटो लॅपटॉपवर एकेक करून बघायचो. सांबर, साळिंदर, गवा, मग खाकी शर्टातला एक माणूस काठी घेऊन जाताना, पाठीत थोडा वाकलेला. परत सांबर. परत तोच माणूस. महिन्याभरात त्या वाटेवरनं गेलेला माणूस मी एकटाच होतो. आणि फोटोतल्या त्या माणसाच्या चेहऱ्यावर, कुणी बघत नसताना माणसाचा असतो तसा, काहीच भाव नव्हता.

मी मोठ्यानं बोलायला लागलो होतो. भांड्यांशी, बुटांशी. सुटीत सांगलीला गेलो की अम्मी म्हणायची, "इतक्या मोठ्यानं का बोलतोस?" घरात सगळे एकदम बोलायचे आणि मला कुणाचंच नीट कळायचं नाही. मी गच्चीवर जाऊन बसायचो. परत चौकीत आलो की त्या गलक्याची आठवण यायची. असा मी दोन्हीकडनं गेलो.

एका बकरी ईदेला घरी जाताना वाट वाकडी करून कडेगावकडं उतरलो. वसाहत सडकेपासून आत होती. सरळ ओळीतली घरं, पत्र्याची छपरं, आणि चारी बाजूंनी डोक्याच्या वर गेलेला ऊस. मामी दारात काठी धरून उभी होती. मला बघून तिला आनंद झाला, पण नजर माझ्या मागं रस्त्यावरच होती.

"मामा कुठायत?"

"सकाळधरनं गेल्यात. लिंबाची काडी आणतो म्हणून." ती हळू म्हणाली. "ही तिसरी बारी हाय."

मुलगा ट्रॅक्टरवर कामाला गेला होता, सून बाजारात. दुपारचे दोन वाजले होते. मी उसात शिरलो. दहा पावलं गेल्यावर मागची घरं दिसेनाशी झाली. पानं तोंडावर घासत होती, वारा नव्हता, आणि डावी-उजवीकडं, पुढं-मागं सगळं तंतोतंत एकसारखं. मी थांबलो आणि हाळी दिली. लगेच उत्तर आलं नाही. दुसऱ्यांदा दिली. मग बरंच लांबून, बसक्या आवाजात, "कूऽऽ".

ते उसाच्या दोन ओळींमधल्या सरीत बसले होते, पाय पुढं पसरून. हातावर उसाच्या पानांचे बारीक ओरखडे. मी पाणी दिलं. त्यांनी आधी माझ्या तोंडाकडं नीट बघितलं.

"कवा आलास?"

"आत्ताच. मामा, असं कसं चुकलात?"

"झाडं न्हाईत रं," ते म्हणाले. "कशापास्नं वळायचं? ह्येला ना बुंधा, ना फांदी. समदी एका तोंडाची."

"हाक तरी मारायची कुणाला."

"मारली की. लय बारी मारली. त्या अंगाला माणसं बोलत व्हती, मला ऐकू येत व्हतं. त्येंना वाटलं आसंल पाखरं हाकलतोय कुणी." ते घोटभर पाणी प्याले. "हितं कुणाला ठावं न्हाई ती हाळी."

मी त्यांचा हात धरून बाहेर आणलं. हात हलका झाला होता. ज्या माणसानं एकट्यानं दोन पोती वाहिली होती, त्याला मी धरून चालवत होतो आणि त्यांना त्याची लाज वाटत होती, म्हणून मी दुसरंच काहीतरी बोलत राहिलो. वाटेत ते म्हणाले, "एकदा वर घिऊन जा मला. ऱ्हायाला न्हाई. बघून येतो नुसतं."

"बघू," मी म्हणालो. "परवानगी काढायला लागेल."

मी परवानगी मागितली नाही. वय झालं होतं, पाऊस तोंडावर होता, तीन तासांची चढण, कुणी नाही म्हटलं तर काय, अशी कारणं मनात तयार होती. पुढच्या हिवाळ्यात बघू, असं ठरवलं. हिवाळ्याआधी माझी खरोखरच बदली झाली, सांगलीजवळच्या रोपवाटिकेत. तिथं स्थिर व्हायच्या आत मामांच्या मुलाचा फोन आला की मामा गेले. झोपेतच गेले. मातीला चार दिवस झाले होते. माझा नंबर मामांच्या फोनमध्ये होता, तो फोन नातवाकडं होता, म्हणून उशीर झाला, असं त्यानं ओशाळून सांगितलं.

मी मामीला भेटायला गेलो. ती बरी दिसली. पाय चांगला चालत होता. नळ दारात होता, शेजारीण येऊन बसत होती. तिनं मला सरळच सांगितलं, "मला न्हाई येत वरची आठवण. लय काढलं मी तिथं. पाण्यापायी कंबर गेली माझी. पर त्यांचं न्हाई जमलं." मग चहाचा कप माझ्याकडं सरकवत म्हणाली, "तू सांगितलंस म्हणून आलो आमी खाली."

मी तिच्याकडं बघितलं. तिच्या चेहऱ्यावरनं ती आभार मानत होती की दोष देत होती, मला कळलं नाही. चहा प्यालो. ती नातीला भाकरी वाढायला आत गेली तेव्हा सांगलीच्या गाडीची वेळ झाली होती. मी आत डोकावून 'येतो' म्हणालो आणि सडकेपर्यंत चालत आलो. गाडीत जागा मिळाली. शेजारचा माणूस कुठनं आलात म्हणून विचारत होता. 'पाव्हण्यांकडनं,' एवढंच मी म्हणालो.