मिटलेल्या केसचं वॉरंट

ती घटना आठवायला मला कधी निमित्त लागलं नाही. पण गेल्या आठवड्यात चिखलीच्या एका वर्कशॉपवाल्या आण्णांच्या दहाव्याला जाऊन आलो, आणि तेव्हापासून दुसरं काही सुचत नाही.

तेव्हा मी त्या भागात उपनिरीक्षक होतो. सकाळची हजेरी झाली की हवालदार वॉरंटांचा गठ्ठा टेबलावर ठेवायचे. त्यात चेक न वटल्याची बरीच असत. या प्रकरणांत तक्रारदार थेट कोर्टात जातो. आरोपी तारखांना फिरकला नाही, की मग कोर्ट आम्हाला सांगतं, धरून आणा. चाकणच्या कंपन्यांकडची बिलं अडकली की छोट्या कारखानदारांचे चेक परत जायचे. त्यातले बहुतेक लोक लबाड नसत, अडकलेले असत.

असाच एक लातूरकडचा फॅब्रिकेशनवाला अजामीनपात्र वॉरंटात हवा होता. घरी गेलो की कुलूप. एका दुपारी ओळखीच्या चहावाल्याचा फोन आला.

"साहेब, आण्णांच्या वर्कशॉपात पोटमाळ्यावर चहा जातोय. आण्णा स्वतः घेऊन चढतात. गुडघ्यांच्या नावानं दिवसभर ओरडणारा माणूस शिडी चढतो, म्हणजे बघा."

आम्ही गेलो. वर रंगाच्या डब्यांमागे तो बसला होता. "मी कुठं पळायलो साहेब," एवढंच म्हणाला आणि खाली उतरला.

मी आण्णांना विचारलं, "याला का लपवलंत?"

"घरी पोलीस येत्यात म्हनून रडत आला. मंग काय करू?"

"तुमचा कोण लागतो?"

"कोन न्हाई. माझा चेक बुडवला व्हता यानं."

मी खिशातलं वॉरंट पुन्हा उघडलं. "आण्णा, तुमचं कागदावरचं नाव काय?" त्यांनी सांगितलं. तक्रारदार म्हणून तेच नाव तिथे होतं. सगळा गाव त्यांना आण्णा म्हणायचा, मीही तेच म्हणत आलो होतो.

"म्हणजे तुमच्याच केसमधला आरोपी तुम्हीच लपवलात?"

"आता कुठली केस? आमचं मिटलंय की! देवळात बसून मिटवलं. थोडं दिलं त्यानं, उरल्यालं माझ्या लेथ मशीनवर काम करून फेडतोय."

"वकिलांना सांगितलंत?"

आण्णांनी टोपी काढून डोकं खाजवलं. "सांगितलं असतं तर राहिल्याली फी मागितली असती."

हवालदार भिंतीकडे तोंड करून हसले. वकील बिचारे प्रत्येक तारखेला इमानाने उभे राहत होते. आरोपी येत नाही म्हणून वॉरंट त्यांनीच मागितलं होतं.

"आण्णा, तुमच्यात मिटलं असेल, पण कोर्टात केस जिवंत आहे. याला मला न्यावंच लागेल."

दुसऱ्या दिवसापासून कोर्टाला सुट्ट्या होत्या. कोर्ट उठायच्या आत काही झालं नाही, तर तो माणूस सुट्टीभर आत जाणार होता. त्याचा चेहरा उतरला. आण्णांनी शटर ओढलं आणि न विचारता आमच्या गाडीत त्याच्या शेजारी येऊन बसले. वाटेत वकिलांना फोन लावून त्यांची बोलणी निमूट खाल्ली.

पिंपरीच्या कोर्टाबाहेर वकिलांनी समजावलं. चेकच्या गुन्ह्यात तडजोड करता येते. दोघांनी लिहून द्यायचं, आणि कोर्टाने ते मान्य केलं की आरोपी निर्दोष सुटतो.

"पण आण्णा, मग ही केस पुन्हा उभी राहत नाही. बाकी मिळेपर्यंत थांबायचं असेल तर तारीख मागू."

"आन् तंवर हा?"

"जामीन झाला तर बाहेर, नाहीतर आत."

आण्णांनी त्याच्याकडे पाहिलं. "हा आत गेल्यावं माझी लेथ काय वकीलसाहेब चालवनार? आना हिकडं पेन."

न्यायाधीशांनी दोघांना विचारलं, तडजोड राजीखुशीने आहे ना? मग ती नोंदवून घेतली आणि वॉरंट रद्द केलं. इतका उशीर केल्याबद्दल आरोपीला विधी सेवा प्राधिकरणाकडे काही रक्कम भरायला सांगितली. ती आण्णांनीच भरली, पुटपुटत.

नोकरीत मी बरीच भांडणं मिटताना पाहिली. माणसं मोकळ्या मनानं हात मिळवतात आणि कोर्टाला सांगायचं राहून जातं. कोर्टाला मन नसतं, त्याला कागद लागतो. हे कायद्याच्या पुस्तकात मी वाचलं होतं, पण समजलं त्या गाडीत, त्या दोघांना शेजारी बसलेलं पाहून.

निवृत्तीनंतर मी दिघीच्या माझ्या घरून पुस्तक घेऊन आण्णांकडे जाऊन बसायचो. लेथच्या आवाजात वाचायची सवय झाली होती. आता घरातल्या शांततेत पान उलटत नाही.

दहाव्याला घाटावर आण्णांचा मुलगा म्हणाला, "आजारपणात आण्णांनी त्यांचा चेक बुडवलेल्या चाकणच्या एकाशी मिटवलं, साहेब. तोंडीच."

सवयीने मी विचारलं, "कोर्टात सांगितलंत का?"

उत्तर मागून आलं. तोच फॅब्रिकेशनवाला उभा होता, केस पांढरे झालेले.

"सांगितलंय साहेब. दवाखान्यातून सोडलं त्या दिवशी मला म्हणाले, घरी नगं, आधी गाडी कोर्टाकडं घे. चाकाच्या खुर्चीत बसवून मी आत नेलं. बाहेर आल्यावर म्हणाले, पोटमाळ्याची शिडी आता मला चढवत न्हाई. आता तिथं कुनाला बसायची पाळी नगं."