मामंजींच्या गळ्यातली गावं

माझे सासरे घरात कुजबुजत बोलत. खोकला आला तर तोंडाला उपरणं लावून परसात जात. बाहेरच्याला वाटे, काय हा नम्र माणूस! नम्र कसले, घराची काळजी. एकदा जेवताना ठसका लागून ते शिंकले आणि आळीतल्या झाडून सगळ्या दारांच्या कड्या निघाल्या. शेजारीण आंघोळ करत होती. तिने पुढे कितीतरी दिवस आमच्याकडे विरजण मागायला येणं सोडलं. सासूबाई म्हणाल्या, "तुमची विद्या तिकडे तापीकाठी दाखवा. माझ्या घरात हळू बोलायचं." ज्याच्या एका शब्दावर गावोगावचे जकातनाके उघडत, तो माणूस मान खाली घालून "बरं" म्हणाला.

अख्खं बुऱ्हाणपूर त्यांना दिवाणजी म्हणे, मी मामंजी. संस्थानांच्या विलीनीकरणाची ती वर्षं. आमच्याकडे गावागावाचा मालक वेगळा, नाका वेगळा. दापोऱ्याची केळी फोपनारच्या शिवेवर अडून काळी पडायची. दुसरीकडचे कारभारी कागद करत, शिक्के मारत. मामंजींना नादविद्या येत होती. ते गावात जाऊन पारावर बसत आणि गावाने आपला एक आवाज त्यांना द्यायचा, अशी रीत त्यांनी घातली. दापोऱ्याने मोटेच्या चाकाची कुरकुर दिली, फोपनारने गाई परतवायची साद, बुऱ्हाणपूरने मागांची खटखट. मामंजी तो आवाज गिळत, वर घोटभर पाणी पीत आणि खर्जात म्हणत, "आता तुम्ही परके नाही." त्यासरशी शिवेचे दगड जमिनीत जात. मी स्वतः पाहिलेत. असा आमचा तापीखोऱ्याचा मेळ उभा राहिला.

दिलेला आवाज मग गावात उरत नसे. हे आधी कोणी मनावर घेतलं नाही. चाक फिरे, पाणी येई, फक्त कुरकुर नाही. लोक म्हणत, बरं झालं, डोकं उठायचं. मग हळूहळू एकेक जण आमच्या ओसरीवर येऊ लागला. आमच्या समोरचा विणकर म्हणाला, "दिवाणजी, आता धागा तुटला तरी समजत नाही. कानावरच तर काम चालायचं आमचं." मामंजींनी त्याला चहा पाजला आणि म्हणाले, "सवय होऊ द्या." हे त्यांचं ठरलेलं वाक्य. कोणी काही घेऊन आलं की चहा आणि "सवय होऊ द्या".

माझं माहेर डोईफोडिया. जंगलाच्या कडेला, म्हणून मेळात सगळ्यात शेवटी आलं. तिथल्या पुरुषांनी पारावर बसून जात्यांची घरघर देऊन टाकली. बायांना विचारलं कोणी? द्यायला त्यांचं काय जात होतं, जन्मात कधी खुंट्याला हात लावला होता का? मी आईच्या मांडीवर डोकं ठेवून ती घरघर अंगातून ऐकत मोठी झाले होते. लग्नानंतर माहेरी गेले, तर आई दळत होती, पीठ पडत होतं आणि जातं गप्प. मला बघून ती कशीबशी हसली. "आता दळता दळता झोप येते गं," म्हणाली. माझं टाळकंच फिरलं.

परत आल्यावर मी मामंजींचं ताट वाढलं आणि तिथेच उभी राहिले. म्हटलं, "आमच्या जात्यांचा आवाज परत द्या."

"सून म्हणून मागतेस की डोईफोडियाची म्हणून?"

"माझ्या आईची लेक म्हणून."

त्यांनी बराच वेळ एकच घास तोंडात घोळवला. मग म्हणाले, "तुझा एक दिला, तर उद्या दापोरं दारात उभं राहील. मेळ सुटेल, सूनबाई. हे आवाज माझ्याकडे अमानत आहेत. लोकांना एकत्र राहायची सवय झाली की ज्याचा त्याला परत." त्यांचा त्या बोलण्यावर पक्का विश्वास होता. खोटं बोलणारा माणूस असता तर मी भांडले तरी असते.

अमानत मात्र जिवापाड जपली त्यांनी. आंबट सोडलं, मिरची सोडली. केळीच्या मुलखात राहून घशाला नको म्हणून केळं खाल्लं नाही. मधल्या काळात माझी आई गेली. तिच्या जात्याचा आवाज इथे मामंजींच्या गळ्यात होता आणि मी त्याच गळ्यासाठी रोज हळदीचं दूध तापवत होते.

शेवटी त्यांचा घसाच बसत चालला. वैद्याने मान हलवली, तेव्हा त्यांनी गावोगाव निरोप धाडला, या आणि आपापलं घेऊन जा. अंगण भरलं. मी त्यांना पाठीला उशी देऊन बसवलं. घरात पहिल्यांदाच त्यांनी मोकळं तोंड उघडलं. सासूबाई दाराशी उभ्या होत्या, "हळू" म्हणाल्या नाहीत.

बाहेर आला तो एकच आवाज. लांब, सपाट, घुमणारा. इतकी वर्षं एका गळ्यात राहून सगळे एकमेकांत मुरून गेले होते. दापोऱ्याच्या पाटलांनी कान देऊन ऐकलं. "हे आमचं नव्हे, दिवाणजी." फोपनारचा गुराखी म्हणाला, "आमचं बी नाही." विणकराने नुसते हात जोडले. मामंजी माझ्याकडे वळले. आवाज चालूच होता, म्हणून बोलता येईना. डोळ्यांनीच विनवत होते, तू तरी ओळख.

मी त्यांच्या छातीला कान लावला. आईचं जातं मी असंच अंगातून ऐकलं होतं. खूप ऐकलं. तो थरथरता पिंजरा, ती धाप, सगळं ऐकलं. त्यात माझी आई कुठेच नव्हती. मी "नाही" म्हणाले. आवाज अंगणातून भिंतीवरून तापीकडे निघून गेला. कोणी अडवला नाही. त्यानंतर मामंजी एक अक्षर बोलले नाहीत, आणि त्याच आठवड्यात गेले.

मेळ मोडला नाही. मोडून कोण काय परत नेणार? केळीच्या गाड्या न अडता जातात. पारावर भाषणं होतात, दिवाणजींचं नाव निघतं, लोक टाळ्या वाजवतात आणि घरी जाऊन गप्प बसतात.

आईचं जातं मी इकडे आणलं. नात त्यावर खोटं खोटं दळते. मी तिला म्हटलं, "हे वाजायचं बरं का." ती म्हणाली, "कसं गं आजी? करून दाखव ना." मी तोंड उघडलं. ती माझ्याकडे बघत राहिली, आणि मला काही ती घरघर आठवेना.