चांगुणाचे दोन आवाज

चांगुणा सोनकांबळेला दोन आवाज होते, एक जन्माचा आणि एक सासरचा. जन्माचा आवाज भरदार, थेट छातीतून निघणारा, बापाच्या ज्वारीची राखण करता करता तयार झालेला. माळ्यावर उभी राहून ती एकदा ओरडली की पाखरं तर उडतच, पण शेजारच्या शिवारातले गडीसुद्धा काय झालं म्हणून कामं टाकून उभे राहत. सासरचा आवाज बारीक, नाकातून काढलेला, अर्धा पदरातच विरून जाणारा. तो तिला लग्नाच्या दिवशी चिकटला.

त्याचं असं झालं. लग्न लागलं, वंदना झाली, पंगती उठल्या आणि बायकांनी नवरीला दारात अडवून नाव घ्यायला लावलं. चांगुणानं आठ दिवस पाठ केलेला उखाणा न अडखळता घेतला, पण घेतला तो जन्माच्या आवाजात. बाहेर वाजंत्री पानं चघळत बसले होते. त्यांच्या म्होरक्याला वाटलं, आतून कुण्या कारभाऱ्यानं हुकूम सोडला. त्यानं पान थुंकलं आणि धडाक्यात वाजवायला सुरुवात केली. सगळा मांडव पोट धरून हसला. हसली नाही ती एकटी सासू पारूबाई. रात्र व्हायच्या आत तिनं सुनेला बजावलं की या घरात बाईचा आवाज उंबऱ्याबाहेर जात नसतो. चांगुणा अठरा वर्षांची होती, लाजेनं अर्धमेली झाली होती. तिनं तिथल्या तिथं नवा आवाज काढला आणि बोलायला लागली. दोन दिवस घसा दुखला, मग सवय झाली. विहारात वंदना चालायची तेव्हाही ती नुसते ओठ हलवायची.

वर्षभरातच बहात्तरचा दुष्काळ आला. विहिरी आटल्या आणि अख्खा गाव पाझर तलावाच्या कामावर गेला. चांगुणा माती वाहायची, सरकारी सुकडी खायची आणि बारीक आवाजात हजेरी द्यायची. कामावर तहसिलीतून जलील नावाचा शिपाई आला होता, उदगीरचा. खडकात सुरुंग लावला की लाल फडकं हलवत लोकांना बाहेर काढायचं, हे त्याचं काम. पण सगळा दिवस धूळ खाऊन बिचाऱ्याचा घसा पार बसला. एका दुपारी वात पेटली, खाली तीस-चाळीस बाया पाट्या भरत होत्या आणि जलीलच्या तोंडून नुसती हवा निघाली.

चांगुणा काठावर होती. तिनं सासू बघितली नाही, मांडव आठवला नाही. “सुरुंग हाय, वर निघा समद्या,” एवढंच ती ओरडली, पण ते तलावाच्या त्या टोकाला पोचलं. बाया तर वर आल्याच, पलीकडच्या माळावर दगड फोडणारी टोळीसुद्धा काही संबंध नसताना पळत सुटली. त्या दिवसापासून काम संपेपर्यंत सुरुंगाची हाक चांगुणाची झाली. दुष्काळाबद्दल चांगलं बोलू नये हे मलाही कळतं, पण ती त्या उन्हाळ्यात काळी पडली, वाळली आणि तरी इतकी खुशीत होती की तिची तिलाच लाज वाटायची. पुढं पाऊसकाळ बरा झाला, तलावाचं काम आटोपलं आणि चांगुणा मुकाट्यानं सासरच्या आवाजात परत गेली.

दहा वर्षं गेली. ब्याऐंशीच्या स्वातंत्र्यदिनी लातूर जिल्हा झाला आणि त्या शहराचं नुसतं लग्नघर होऊन गेलं. पाट्यांचे रंग वाळले नव्हते, टेबलं आली तर खुर्च्या यायच्या होत्या, आणि जो तो दुसऱ्याला साहेब कुठं बसतात ते विचारत होता. जलीलचाचांची बदली याच नव्या कचेरीत झाली. जमिनीच्या तारखांना पक्षकारांची नावं पुकारायचं काम त्यांच्याकडं आलं, पण घसा तो तसाच राहिला होता. साहेबांनी पुकारा करायला नवा माणूस घ्यायचं ठरवलं तेव्हा चाचा म्हणाले, माणूस माझ्या माहितीत आहे, फक्त ती बाई आहे, चौथी पास आहे. साहेब हसले आणि म्हणाले, आणा.

चांगुणाला निरोप मिळाला तेव्हा तिचे पाय जमिनीवर ठरेनात. पगाराची नोकरी, नव्या जिल्ह्याची कचेरी, तीही आपल्याला. सोबत नवरा नरसिंग निघाला, आणि पारूबाईही निघाली. एस.टी.त बसल्यापासून पारूबाईनं एकच धोशा लावला होता, मोठ्या लोकांपुढं हळू बोल, गरिबीनं बोल. आता पुकाऱ्याच्या कामाला निघालेल्या बाईला हा सल्ला द्यावा, यापेक्षा मोठा गाढवपणा मी तरी पाहिला नाही. पण चांगुणानं तो ऐकला, हा त्याहून मोठा.

पारूबाई बाहेर लिंबाखाली बसली, नरसिंग सायकलींपाशी घुटमळत राहिला. आत साहेबांनी नाव विचारलं. चांगुणानं सांगितलं. साहेबांनी पुन्हा विचारलं, तिनं पुन्हा सांगितलं. साहेबांनी कागदावर काहीच लिहिलं नाही. दाराशी उभ्या जलीलचाचांनी कपाळाला हात लावला.

साहेबांनी फाईल उघडली. ग्यानोबा पंढरी बिडवे, बांधाची तक्रार. म्हातारा दोन तारखांना हजर नव्हता, आज आला नाही तर फाईल बंद. साहेब म्हणाले, बाई, पुकारा. चांगुणा व्हरांड्यात आली. समोर तीस पावलांवर सासू बसलेली. तिनं पदर सावरला आणि बारीक आवाजात पुकारलं. आतल्या कारकुनानं पंखा कुरकुरतो म्हणून वर बघितलं. बाहेर एकाचीही मान वळली नाही.

साहेबांनी पेनाचं टोपण काढलं. जलीलचाचा तिच्याजवळ आले आणि बसक्या घशानं म्हणाले, “चांगुणाबाई, मी जिची शिफारस केली ती बाई कुठं ठेवून आलीस? तो बुढ्ढा दोन्ही वेळा इथंच होता. रस्त्यापल्याड चहा पिऊन राहिला होता. कानानं जड हाय, माझा पुकारा त्याला गेलाच न्हाई.”

आपली लाज आपण दहा वर्षं गिळली ते ठीक, पण त्या लाजेपायी आता म्हाताऱ्याचा बांध जाणार होता. चांगुणानं एकदा सासूकडं बघितलं. मग बघणं सोडलं, पाय रोवले आणि छाती भरून हवा घेतली.

“ग्यानोबा पंढरी बिडवे, हाजीर हो.”

व्हरांड्यातलं कबुतर उडालं. रस्त्यावरचा टांगा थांबला. पलीकडच्या हॉटेलातून कप हातात घेऊनच एक म्हातारा धावत आला, पागोटं सुटलेलं. त्याच्यामागं दुसरा आला, तोही ग्यानोबा. मग बाजाराला करडई घेऊन आलेला तिसरा, हजामाकडून अर्धी दाढी करून आलेला चौथा, आणि एस.टी. सोडून आलेला पाचवा. आपल्या मुलखात हाक मारावी तर दहात एक ग्यानोबा निघणारच, आणि अशा आवाजात आपलं नाव ऐकल्यावर पुढचं ऐकायला थांबतो कोण? पाची जण हात जोडून रांगेत उभे राहिले. अर्ध्या दाढीचा म्हणाला, “साहेब, म्या काय बी केलं न्हाई.”

साहेब आधी गंभीर राहायची खटपट करत होते. मग ते टेबलावर डोकं ठेवून हसायला लागले. कारकून हसले, ग्यानोबा एकमेकांना बघून हसले, जलीलचाचांना हसता हसता ठसका लागला. बाहेर पारूबाईनं झटक्यात पदर तोंडावर ओढला होता. पण आजूबाजूचे लोक बाईच्या आवाजाचं कौतुक करतायत हे कानावर आल्यावर तिनं पदर बोटभर खाली घेतला आणि शेजारच्या बाईला सांगून टाकलं की ती माझी सून.

खऱ्या ग्यानोबाची तारीख चालली, चार ग्यानोबांना माघारी पाठवलं. मग साहेबांनी कोरा अर्ज पुढं ओढला. मघाशी कळलं नाही, म्हणाले, पुन्हा एकदा पूर्ण नाव सांगा.

चांगुणानं सवयीनं नाक आवळलं, आणि सोडून दिलं. सुरुंगाची हाक तिनं कितीदा दिली होती, आज परक्याचं नावही पुकारलं होतं. स्वतःचं नाव मात्र लग्नापासून तिनं मोठ्यानं घेतलं नव्हतं.

“चांगुणा नरसिंग सोनकांबळे,” ती म्हणाली, जन्माच्या आवाजात.

बाहेर सायकली धडाधड पडल्याचा आवाज आला आणि नरसिंग धापा टाकत दारात उभा राहिला. टोपी काढून म्हणाला, “हाजीर हाय साहेब. माझं नाव पुकारलं न्हवं?”

साहेब अर्जावर लिहीत होते. लिहिता लिहिताच म्हणाले, “नाव या बाईंचं आहे. तुमचं फक्त मधे आलं.”