लॉकअपमधील आरोपी सुस्थितीत

घरातला माणूस घामाने निथळतो आहे, त्याचे हात थरथरत आहेत, पोटात घोटभर पाणीही ठरत नाही. कालपर्यंत तो नशा करत होता हे तुम्हाला ठाऊक आहे. तुम्ही त्याला काय म्हणाल? ‘नाटकं करतोय’?

मी तेच म्हणालो होतो. आणि माझ्या अंगावर तेव्हा वर्दी होती. नोकरीतली पुष्कळ प्रकरणं आता धूसर झाली आहेत. हे एक काही केल्या पुसलं जात नाही.

बीड जिल्ह्यातल्या एका ठाण्याचा मी प्रभारी अधिकारी होतो. सकाळची हजेरी उरकून मी खुर्चीत बसत होतो, तेवढ्यात तिशीच्या आतली एक बाई दारात येऊन उभी राहिली. डोक्यावरचा पदर तिने दातात धरला होता.

“कुणाविरुद्ध तक्रार आहे, ताई?”

“माज्या मालकाच्या. त्येंला धरा, साहेब.”

आमचे हवालदार जुने आणि तोंडाळ. ते म्हणाले, “मारतो का? का दुसरी आनली?”

“मारत न्हाईत. मानूस चांगला हाय. पर धुपाची पुडी वडतेत.”

तिचा नवरा नेकनूर ते बीड काळी-पिवळी जीप चालवायचा. बाजारात चकचकीत पुड्या मिळत होत्या. वर देवाच्या समईचं चित्र आणि ‘सुगंधी धूप’ अशी अक्षरं, आत वाळका पाला. तो बिडीत भरून ओढायचा. ती म्हणाली, “धूप म्हनून इकतेत, पर ज्यो घेतो त्याच्या देवघरात येक दिस बी लावल्याला मी बघितला न्हाई.”

एवढी नेमकी खबर मला पगारी खबऱ्यानेही कधी दिली नव्हती.

पुढे तिने जे सांगितलं, ते मी कानाआड केलं. ती म्हणाली, “दोन बार सोडली त्येंनी. लिंबागणेशाला नेऊन गणपतीची शपत घातली. दोन्ही बार दुसऱ्याच दिशी लई हाल झाले. वकाऱ्या, थरथर, छाती धाडधाड. बगवलं न्हाई म्हनून मीच पुडी आनून दिली. तुमच्या धाकानं तरी सुटंल. आत ठिवा, पर ध्यान ठिवा.”

“इथं भल्याभल्यांची सुटते,” मी म्हणालो.

आपल्याकडे ही समजूत खोल रुजलेली आहे. व्यसनी माणसाला चार दिवस कोठडीत ठेवलं की तो सरळ होतो, असं घरचे मानतात आणि पोलीसही मानतात. कोठडी म्हणजे दवाखाना नव्हे, हे दोघांनाही कुणी सांगितलेलं नसतं. मलाही नव्हतं.

दुपारी स्टँडमागे पंचांसमक्ष त्याला पकडलं. खिशात तीन पुड्या निघाल्या. पाला गांजासारखा दिसत होता, म्हणून गुन्हा दाखल करून अटक केली, पुड्या लाखेने मोहरबंद करून मुद्देमालात जमा केल्या. वैद्यकीय तपासणीत लघवीची गांजाची चाचणी झाली. तिच्यात काहीच आढळलं नाही.

हवालदार हसले. “साहेब, ह्यो तर गंगाजल निगाला. बायकू उगंच बोंबलती.”

मीही तसंच समजलो. चाचणी कोरी म्हणजे माणूस कोरा. त्याने खरंच धूप ओढला असेल, त्याने काय होणार?

संध्याकाळी त्याला चौकशीला समोर बसवलं. तिशी ओलांडलेला, रुंद खांद्यांचा माणूस. दिवस थंडीचे, तरी शर्ट पाठीला चिकटलेला. पाय एकसारखा हलत होता.

“पुड्या कुणाकडून घेतोस?”

“सापडल्या, साहेब. शिटखाली.”

“पाशिंजर धूप विसरून गेलं व्हय बे?” हवालदार म्हणाले.

तो ओशाळं हसला आणि हसता हसता तोंड दाबून कोपऱ्यात धावला. सकाळपासून पोटात काही नव्हतं, नुसतं पिवळं पाणी पडलं. परत येऊन बसला तेव्हा त्याची नजर कपाटाकडे होती. मुद्देमाल तिथेच आहे हे त्याने ताडलं होतं.

ती नजर मी ओळखली आणि तिचा वापर केला. मोहरबंद पाकीट काढून त्याच्यापुढे टेबलावर ठेवलं. द्यायचा माझा विचार कधीच नव्हता. पण ते त्याला कुठे ठाऊक होतं?

“नाव सांग.”

“साहेब, येक झुरका. फकस्त येक. मंग समदं सांगतो.”

“आधी नाव.”

तो रडायला लागला. एवढा धिप्पाड माणूस पाकिटावर हात ठेवून रडत होता. त्याने नाव सांगितलं. बाजारात पूजासाहित्याचं दुकान असलेला एक प्रतिष्ठित व्यापारी. मी पाकीट उचलून कपाटात ठेवलं. त्याने माझ्याकडे बघितलं, पण शिवी दिली नाही. शिवी दिली असती तर बरं झालं असतं.

आता ठाण्याची एक रीत सांगतो. कोठडीवरच्या पहारेकऱ्याने दर दोन तासांनी आरोपीला पाहून डायरीत नोंद करायची असते. नोंदीचं वाक्य ठरलेलं: ‘लॉकअपमधील आरोपी सुस्थितीत’. हात सवयीने ते वाक्य लिहितो, डोळे वहीवरून उठतही नाहीत. त्या रात्रीच्या सगळ्या नोंदी एकाच वाक्याच्या आहेत. सकाळी शिपायाने तोंडी सांगितलं, “झोपला न्हाई साहेब. रातभर वकत व्हता, गजाला डोकं टेकून बसला व्हता. आन छातीत कसंतरी व्हतंय म्हनत व्हता.”

“नाटक. न्यायालयात न्यायचंय ना आज,” मी म्हणालो आणि डायरीखाली सही केली. हे शब्द मी स्वतः म्हणालो, हवालदार नाही, शिपाई नाही.

मग आम्ही दुकानावर गेलो. नारळाच्या पोत्यांमागे पुड्यांची दोन खोकी निघाली. व्यापारी शांतपणे म्हणाला, “धूप हाय साहेब. पुडीवर लिवलंय की, मानसानं खायाचा न्हाई. लोक खातेत त्याला आमी काय करावं?” त्याच्या कपाळावरचं गंधसुद्धा विस्कटलं नव्हतं. माणूस मारायचा आणि पाकिटावर सूचना छापून हात धुवायचे, हा धंदा मी तिथे पहिल्यांदा उघड्या डोळ्यांनी पाहिला. विजयाच्या भरात मी पंचनामा लिहायला सांगत होतो, तेवढ्यात ठाण्यातून फोन आला.

“साहेब, आरोपीला आकडी आली. दातखिळी बसलीया. शुद्ध न्हाई.”

आम्ही त्याला गाडीत घालून बीडला नेलं. वाटेत पुन्हा आकडी आली. डॉक्टरांनी विचारलं, “काय घेत होता?” मी म्हणालो, “धूप. चाचणी कोरी आहे.” डॉक्टरांनी मान हलवली. “मग औषध नेमकं कशावर करायचं?”

निरोप मिळताच त्याची बायको धावत आली. माझ्याकडे न बघता तिने कमरेच्या पिशवीतून एक रिकामी पुडी काढून डॉक्टरांच्या हातात दिली. घरातल्या डाळीच्या डब्यात तिने ती लपवून ठेवली होती. मुद्देमालातल्या तीन पुड्या माझ्या कपाटात लाखेखाली सुरक्षित होत्या. त्यातली एक डॉक्टरांना दाखवावी, एवढं माझ्या डोक्यात आलं नव्हतं.

डॉक्टरांनी पुडी उलटसुलट पाहिली, हुंगली. म्हणाले, “हा गांजा नाही. कुठल्यातरी पाल्यावर रसायन फवारलेलं असतं. ते मेंदूत गांजाच्याच जागी जाऊन बसतं, पण कैक पट जोराने. गांजाच्या चाचणीत हे सापडत नाही. एका पुडीत किती फवारलंय ते फवारणाऱ्यालाही माहीत नसतं. कुणाला वेड लागतं, कुणाचं हृदय बंद पडतं, कुणाच्या किडन्या जातात. आणि रोज ओढणाऱ्याने एकदम थांबवलं की काही तासांतच अंग बंड करतं. घाम, उलट्या, थरकाप, झोप नाही, ठोके वाढलेले. मग आकडी. किती वेळापासून उलट्या होत होत्या?”

“कालच्या संध्याकाळपासून,” मी म्हणालो.

“आणि तुम्ही थांबलात?”

डायरीत उत्तर होतं: सुस्थितीत.

तो वाचला. किडन्या मात्र बसल्या. काही दिवस यंत्रावर रक्त शुद्ध करावं लागलं, मग त्या हळूहळू सावरल्या. व्यापाऱ्यावरचा खटला उभा राहिला तो त्याच्या दुकानात सापडलेल्या पाल्याच्या प्रयोगशाळेच्या अहवालावर. पाकीट समोर ठेवून मी मिळवलेल्या जबाबाला न्यायालयात काडीचंही वजन नव्हतं. ज्या नावासाठी मी एका माणसाचा जीव टांगणीला लावला, ते नाव त्याच्या बायकोला सरळ विचारलं असतं तर तिने पहिल्याच दिवशी सांगितलं असतं. मी तिला विचारलंच नव्हतं.

वॉर्डाबाहेर ती एकदाच बोलली. आवाज चढवला नाही. “मी तुमाला सांगितलं व्हतं, साहेब. ध्यान ठिवा म्हनले व्हते. कावून न्हाई ठिवलं?”

खात्यात चौकशी झाली. मी माझी चूक लेखी दिली, ठपका घेतला. त्यानंतर माझ्या ठाण्यात ते ठरलेलं वाक्य लिहिणं बंद झालं. पाहिलं ते लिहायचं: पाणी प्यायला का, उलटी झाली का, हात थरथरतात का, झोपला का. पहारेकरी कुरकुरले. “साहेब, आमी पोलीस का नर्स?” मी म्हणायचो, “आधी माणूस. मग ठरवू.”

आज तो जीप चालवत नाही, आकडीच्या भीतीने डॉक्टरांनी मनाई केली आहे. स्टँडवर उभा राहून दुसऱ्यांच्या गाड्यांना ‘नेकनूर, नेकनूर’ अशी हाळी देतो. मला पाहिलं की नमस्कार करतो. त्या नमस्काराने माझी मान खाली जाते.

या प्रकरणातून मी शिकलो ते एवढंच: नशा करणारा गुन्हेगार असो वा नसो, नशा सोडताना तो आजारी असतो. आजाऱ्याच्या यातनांची कुणी चौकशीसाठी किल्ली करू नये, आणि घरच्यांनीही त्याला शिक्षा म्हणून कोंडू नये. कुलपामागे व्यसन सुटत नाही, जीव सुटतो.

म्हणून तुमच्याकडे एक मागणं आहे. तुमच्या घरात, गल्लीत, गाडीवर कुणी असा ‘धूप’ ओढत असेल, तर रिकामी पुडी फेकू नका, जपून ठेवा. त्याने सोडायचं म्हटलं तर एकट्याने सोडायला लावू नका, आधी सरकारी दवाखान्यात न्या. अंग थरथरायला लागलं, उलट्या थांबेनात, छाती धडधडायला लागली, तर शपथ घालत बसू नका, ठाण्यात आणू नका, पुडी मुठीत धरा आणि त्याच पावली डॉक्टर गाठा. चाचणी कोरी आली तरी परत फिरू नका. पुडी टेबलावर ठेवा आणि सांगा, हे ओढतो.

त्या बाईने ते केलं होतं. तिच्या आधी ते मी करायला हवं होतं. आता तुम्ही करा.