खांदे दुखणारे गाव

तो तपास आठवला की आजही मला हसू येते. नोकरीत खून पाहिले, दरोडे पाहिले, पण घरात कोणी जुनी गोष्ट मागितली की मी हीच सांगतो.

मालगुजारी, म्हणजे गावोगावच्या जमीनदारांचा अंमल, नुकतीच संपली होती. आमच्या जिल्ह्याला तेव्हा चांदा म्हणत आणि तो मध्य प्रदेशात मोडत असे. मूलच्या पुढे, जंगलाच्या कडेला एका लहान ठाण्यावर मी फौजदार होतो. सकाळी हजेरी, मग रोजनामचा, बाजारच्या दिवशी बंदोबस्त, आणि उरलेला वेळ सायकलवरून गावे फिरण्यात जाई.

एका उन्हाळ्यात लाकडाच्या ठेकेदाराचा मुनीम ठाण्यात आला. पाणी पिऊन झाल्यावर त्याने आवाज खाली आणला.

"साहेब, आमच्या गंजीतले सागाचे लठ्ठे चोरीले जाऊन राह्यले. टेकडीपल्याडच्या ढिवरांचं काम आहे."

"कशावरून?"

"दवाखान्यात इचारा. त्या गावच्या साऱ्या गड्यांचे खांदे सुजले आहेत. लठ्ठे वाह्यल्याबिगर सुजतात का?"

ते गाव मासेमारी आणि थोड्या धानावर जगणारे होते. त्यांच्याविरुद्ध आजवर साधी भांडणाची तक्रारही आली नव्हती. पण खबर पक्की वाटत होती, म्हणून मी दवाखान्यात गेलो.

डॉक्टर तरुण होते, नागपूरकडचे. खांद्यांचे नाव काढताच ते वैतागून हसले. वरच्या कचेरीने त्यांच्याकडे आजारांची नवी पुस्तिका पाठवली होती. प्रत्येक आजाराला एक आकडा, आणि महिन्याच्या तक्त्यात तोच भरायचा. हिवतापाला आकडा, खरजेला आकडा. ज्याचे कारण कळत नाही त्यालाही एक आकडा होता: 'खांद्याच्या सांध्याचा विकार, अनिर्दिष्ट'. त्या गावचे सगळे रोगी डॉक्टरांनी याच आकड्याखाली टाकले होते.

"वरून विचारणा आली आहे," ते म्हणाले. "एकाच गावात इतके अनिर्दिष्ट कसे? दुखापत असेल तर दुखापतीत घाला, वात असेल तर वातात घाला."

"मग घाला की."

"कशात घालू? कारण विचारले की ते गप्प बसतात. मी दुखापत लिहिली की उद्या तो तुमच्या खटल्यातला पुरावा होणार. मला जे माहीत नाही ते मी कसे लिहू?"

मी जिल्ह्याच्या पोलीस साहेबांना कळवले. ठेकेदाराची वर ओळख होती. उत्तर लगेच आले: दुखापतीचा दाखला घ्या आणि संशयितांना अटक करा. डॉक्टरांनी दाखला द्यायचे साफ नाकारले. मीही अटकेआधी चौकशी करतो, असे कळवून थोडा वेळ मागून घेतला.

त्या गावच्या तिघांना ठाण्यात बोलावले आणि वेगवेगळे बसवले. पहिला म्हणाला, "झोपीत आखडला साहेब." दुसऱ्याच्या खांद्याला म्हैस धडकली होती. तिसरा छताकडे पाहून म्हणाला, "देवानं देल्लं."

"देवाने साऱ्या गावाला एकदमच दिले?"

"त्याची मर्जी साहेब. आमी काऊन बोलाव?"

बाहेर उभा असलेला जमादार तोंडावर रुमाल धरून हसत होता. मी मात्र चक्रावलो. खोटे बोलणारे पुष्कळ पाहिले होते. ज्याला गुन्हा लपवायचा असतो तो आधी साथीदारांशी जुळवून घेतो, एकच गोष्ट पाठ करून येतो. या तिघांना खोटे बोलायची सवयच नव्हती. त्यांना काहीतरी राखायचे होते, एवढे दिसत होते.

तिघांना घरी पाठवले आणि पुन्हा डॉक्टरांकडे गेलो. सूज कशी दिसते, हे यावेळी नीट विचारले.

"दोन्ही खांद्यांना सारखी आहे," ते म्हणाले. "कातडी घासून गुळगुळीत झाली आहे. सालपटाचे ओरखडे एकाच्याही अंगावर नाहीत."

सागाचा लठ्ठा खांद्यावरून नेला तर कातडी सोलून निघते. मी जमादाराला घेऊन त्या गावी गेलो आणि एका ओसरीवर बसलो. ताक आले. काही न विचारता आम्ही गप्पा मारत राहिलो, आणि बोलता बोलता माझी नजर भिंतीकडे गेली. खुंटीवरची जाळी कोरडीठाक होती, घड्यांत कोळिष्टके धरली होती. शेजारी टेकवलेली कावड मात्र रोजच्या वापराने चकचकीत झाली होती आणि तिच्या टोपल्यांना ओला चिखल लागला होता. ज्याची मासेमारी बंद आहे तो कावडीतून काय वाहतो?

घरच्या म्हातारीला मी तेवढेच विचारले. ती गावात सर्वांत वडीलधारी होती. तिने आत बसलेल्या आपल्या म्हाताऱ्याकडे पाहिले. तो मान हलवून नको म्हणाला.

"किती दिवस लपवान?" ती त्याला म्हणाली. मग माझ्याकडे वळली. "चाल भाऊ, तुले दाखवतो."

टेकडीच्या मागे गावचा तलाव होता. गेल्या पावसाळ्यात त्याची पाळ, म्हणजे मातीचा बांध, फुटली होती आणि सारे पाणी नाल्याला लागून वाहून गेले होते. धान वाळले, मासे गेले. आता त्या फुटलेल्या जागी मातीची नवी पाळ उभी राहत होती, माझ्या डोक्याहून उंच. तलावाच्या पोटातला गाळ कावडीने वाहून त्यांनी ती चढवली होती. बायका धुम्मसाने ठोकून माती दाबत होत्या. मला गणवेशात पाहताच सगळे जागच्या जागी थांबले.

"लपवले कशाला?" मी मागोमाग आलेल्या म्हाताऱ्याला विचारले.

"तलाव आता सरकारचा झाला साहेब. मालगुजार होता तवा तो पाळ बांधे. अर्ज केला, कोनी आलं नाई. पटवारी म्हने, सरकारच्या पाळीले हात लावान तर जेलात जान. आता धानाच्या रोवण्याच्या आंधी पाळ नाई झाली तर खावाव काय? जेल त जेल म्हनलं."

त्याने दोन्ही हात पुढे केले. बेड्या घालायला.

जमादार त्याच पट्ट्यातला, शेतकऱ्याच्या घरचा. त्याने टोपी काढून झाडाला अडकवली, जवळची कावड उचलली आणि गाळ भरायला खाली उतरला. मागून कोणीतरी हसले, मग सगळी पाळ हसली. म्हाताऱ्याचे पुढे केलेले हात मी धरले आणि खाली केले.

लठ्ठ्यांचा छडा दोन दिवसांत लागला. गंजीजवळ बैलगाडीच्या खोल चाकोऱ्या होत्या, त्यांवरून आम्ही आरागिरणीपर्यंत गेलो. माल तिथेच मिळाला. लठ्ठे आणणाऱ्या गाडीवानाने पहिल्याच प्रश्नाला मुनिमाचे नाव सांगितले. गावाचे खांदे सुजलेले पाहून मुनिमाला आयते चोर सापडले होते.

पाळीचा प्रश्न उरला होता. तहसीलदारांना मी प्रत्यक्ष पाळीवर आणले. ते कडक म्हणून प्रसिद्ध होते. टोकापासून टोकापर्यंत चालले, टाच आपटून माती तपासली आणि म्हणाले, "आमच्या खात्याने बांधली असती तर इतकी घट्ट झाली नसती. परवानगी आजच देतो. काम थांबवू नका." डॉक्टरांनी सर्वांना चोळायचे तेल दिले आणि कावडीला कापडाची चुंबळ लावायला शिकवले. तक्त्यातही त्यांनी आता कारण लिहिले.

पावसाळ्यात तलाव काठोकाठ भरला. रोवण्याच्या दिवसांत मी त्या वाटेने जात असताना बायकांनी मला शेताच्या धुऱ्यावर अडवले. हातात पऱ्ह्यांची, धानाच्या रोपांची, जुडी दिली. बूट काढून चिखलात उतरलो आणि एक वाकडीतिकडी ओळ रोवली. म्हातारीने ती पाहिली.

"साहेब, तुमी चोरच पकडा," ती म्हणाली. आख्खा बांध खिदळला, मीही हसलो.

पुढे नोकरीत माझ्या केस डायरीत 'कारण अद्याप समजलेले नाही' हे वाक्य वारंवार येत असे. वरिष्ठ चिडत. पण त्या डॉक्टरांनी घाईने एक शब्द लिहिला असता तर निरपराध गाव तुरुंगात गेले असते आणि पाळ अर्धवट राहिली असती, हे मी विसरू शकलो नाही. माहीत नाही ते माहीत नाही म्हणायला धैर्य लागते. आणि तेवढ्यावर न थांबता लोकांच्या ओसरीवर जाऊन बसावे लागते. माणसे बहुधा सांगतात. त्यांच्या घरचे ताक पिण्याइतका वेळ मात्र काढावा लागतो.