आण्णांचा अंगठा

नारायण आण्णा कुठलंही यंत्र आपलं आपण थांबू देत नसत. मिक्सर लावला की त्यांचा अंगठा बटणावर. पिठाच्या गिरणीत गेले की गिरणीवाल्याच्या आधी त्यांचा हात स्विचपाशी. मी कपडे धुण्याचं मशीन घेतलं तेव्हा ते मुद्दाम बघायला आले आणि मशीनसमोर स्टूल ओढून, बटणाला अंगठा लावून, कपडे धुऊन होईपर्यंत बसून राहिले.

"आण्णा, ते आपोआप थांबतं," मी म्हटलं.

"थांबतंय म्हणं. आणि न्हाय थांबलं तर? तू सैपाकघरात, मी वडगावात, आणि हे आपलं फिरतंय."

याला कारण होतं. वडगावात त्यांचे साड्यांचे यंत्रमाग होते. विणताना आडवा धागा तुटला किंवा संपला की माग आपोआप बंद पडावा म्हणून यंत्रमागाला एक काटा असतो. आण्णांच्या एका मागाचा काटा झिजलेला होता. दुसऱ्या कुणी तो बदलला असता. आण्णांनी बदलला नाही, त्याच्या जागी स्वतः उभे राहिले. उजव्या हाताचा अंगठा मागाच्या हँडलवर, नजर धाग्यावर, आणि चहाचा कप डाव्या हातात. सगळा संसार त्यांनी असा एका अंगठ्यावर केला. "यंत्राला चालू व्हायचं कळतंय, थांबायचं कळत न्हाय. थांबवायला माणूस लागतोय," असं ते म्हणत, आणि म्हणताना अंगठा हवेत दाबून दाखवत.

आमच्या गल्लीचं हौशी नाट्यमंडळ आहे. मी दिवसा शाळेच्या ऑफिसात असते आणि संध्याकाळी मंडळाची व्यवस्था बघते: सामान, गाडी, तालमीची वेळ, कोण आलं, कोण खोटं बोलून आलं नाही. नाटकाला नट कमी पडला तर दुसरा उभा करता येतो, पण कुऱ्हाड घरी विसरली तर सगळंच अडतं, असं माझं मत आहे. आण्णा आमचे कायमचे इन्स्पेक्टर होते. उंची, मिशी आणि खाकी कपडे, तिन्ही त्यांचं स्वतःचं. त्या वर्षी नवं नाटक बसवलं, कणकुंबीच्या जंगलातल्या लाकूडचोराचं. चोराचं काम मोबाइलच्या दुकानातला परशा करायचा. शेवटच्या प्रवेशात चोर झाडामागे लपतो, इन्स्पेक्टर गोळ्यांमागून गोळ्या झाडतात, एकही लागत नाही, पिस्तूल रिकामं होतं. ते बघून चोर कुऱ्हाड घेऊन हसत बाहेर येतो. मग इन्स्पेक्टर म्हणतात, "गोळ्या संपल्या असतील, कायदा संपलेला नाही!" आणि नुसत्या हातांनी त्याला धरतात. पडदा.

सगळी मदार पिस्तूल रिकामं झाल्याचं दिसण्यावर. जुनं लाकडी पिस्तूल वाळवीनं खाल्लं म्हणून मी बाजारातून खेळण्यातलं नवं आणलं. दिसायला हुबेहूब. चाप ओढला की वरचा सरकता भाग, म्हणजे स्लाइड, मागं जाऊन पुढं येतो आणि बाजूनं गोळीचं प्लॅस्टिकचं टरफल उडतं. आवाज आम्ही विंगेत फळी आपटून काढायचो. शेवटची गोळी गेली की स्लाइड मागंच अडकून राहते, अगदी खऱ्यासारखी. दुकानातून आणल्याबरोबर मी तपासून पाहिलं. गोळ्या घालायच्या मॅगझिनमध्ये खाली स्प्रिंग आणि तिच्यावर एक पट्टी असते. गोळ्या आहेत तोवर पट्टी खाली राहते. शेवटची गेली की पट्टी वर येते आणि डाव्या बाजूची एक छोटी कळ वर ढकलते. ती कळ स्लाइडच्या खाचेत अडकते, स्लाइड मागं थांबते. मी दहा वेळा उडवून पाहिलं, दहा वेळा थांबली. पावती जपून ठेवली आणि पिस्तूल आण्णांच्या हातात दिलं.

आण्णांच्या हातात ती एकदाही थांबली नाही.

तालमीत आम्ही मनावर घेतलं नाही. पण पहिला प्रयोग येळ्ळूरला होता. येळ्ळूरला पुढच्या रांगेत सैन्यातून निवृत्त झालेली मंडळी बसतात. तिथे राजाचा मुकुट कागदाचा असला तर चालतो, सलाम चुकून चालत नाही. आण्णांनी गोळ्या झाडल्या, सगळ्या संपल्या, स्लाइड पुढं येऊन गप्प बसली. परशा झाडामागून कुऱ्हाड घेऊन निघाला, तोच पुढच्या रांगेतून आवाज आला.

"थांब रं. बाहेर येऊ नको. अजून हाय आत."

हे सुभेदार आप्पा. वय झालेलं, कमरेत ताठ. परशा खरंच थांबला.

"संपल्या हो आप्पा," आण्णा रंगमंचावरूनच म्हणाले.

"संपल्या तर स्लाइड मागं का न्हाय? आत गोळी हाय, इन्स्पेक्टर. झाडा ती."

"न्हाय हो, नाटकात संपल्यात."

"नाटकात संपल्यात, पिस्तुलात न्हाय. मोजण्यात माणूस चुकतोय, स्लाइड चुकत न्हाय. चोर समोर उभा हाय आणि तुमी झाडत न्हाय? किती खाल्लासा त्याच्याकडनं?"

सगळा मांडव हसला. इन्स्पेक्टरनं लाच खाल्ली की नाही यावर मागच्या रांगांत मतं पडू लागली. "मार की!" असं बायकांच्या बाजूनं कुणीतरी म्हणालं. आण्णांनी नाइलाजानं चाप ओढला. आत काहीच नव्हतं, पण विंगेतल्या माणसानं सवयीनं फळी आपटली. परशा दचकून पडला. तो मेला, असं लोकांनी धरलं. मेलेल्या माणसाला अटक कशी करायची? "कायदा संपलेला नाही" हे वाक्य आण्णांच्या तोंडातच राहिलं आणि मी पडदा ओढायला सांगितलं.

परतीच्या गाडीत आण्णा म्हणाले, "स्प्रिंग ढिली हाय."

मग दुरुस्त्या सुरू झाल्या. आण्णांनी मागाची स्प्रिंग कापून मॅगझिनमध्ये घातली. आता गोळ्या आत जाईनात. ती काढून मागाचं तेल घातलं. टरफलं तेलकट होऊन पहिल्या रांगेच्या धोतरांवर पडतील म्हणून ते मी पुसून घेतलं. मग त्यांनी गोव्याकडच्या दमट वाऱ्याला दोष दिला आणि पिस्तूल तांदळाच्या डब्यात ठेवलं. घरच्यांनी भातात टरफल सापडल्याची तक्रार माझ्याकडे आणली. प्रत्येक दुरुस्तीनंतर ते पिस्तूल मी उडवून बघायची, स्लाइड थांबायची. आण्णा उडवायचे, थांबायची नाही. शेवटी मी पिस्तुलाकडे बघायचं सोडून आण्णांच्या हाताकडे पाहिलं. त्यांचा उजवा अंगठा त्या डाव्या बाजूच्या कळीवर होता, आणि आण्णा तो मन लावून खाली दाबत होते.

"आण्णा, कळ वर यायला पाहिजे. तुम्ही तिला दाबून धरलंय, म्हणून स्लाइड थांबत नाही."

"मी दाबलंय ते थांबावं म्हणून."

"दाबलंय म्हणूनच थांबत नाही."

"म्हंजे मी सोडून दिलं तर ते थांबंल?"

"हो."

त्यांनी माझ्याकडे दयेनं पाहिलं. "सुनंदा, तू शाळेत कामाला हाईस. असं पोरांना सांगू नको."

त्याच सुमारास त्यांचे माग भंगारात गेले. साड्यांना गिऱ्हाईक उरलं नव्हतं आणि आण्णांच्या मुलाला त्या जागेत गाळे काढायचे होते. माग टेम्पोत चढवताना आण्णा शेवटपर्यंत त्या एका हँडलवर हात ठेवून होते म्हणतात. टेम्पोवाल्यानं त्यांना "काका, सोडा आता," असं तीनदा सांगितलं. आणि पुढच्याच आठवड्यात मंडळाची बैठक झाली. येळ्ळूरचं बोलावणं पुन्हा आलं होतं. या वेळीही नाटक मध्ये अडकलं तर पुढच्या वर्षीपासून इन्स्पेक्टरचं काम दुसऱ्याला द्यायचं, असं ठरलं. हे त्यांना सांगायचं काम अर्थातच माझ्याकडे आलं.

आण्णांनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाले, "माग गेले. आता इन्स्पेक्टरची टोपी पण काढून घ्या." एवढंच. त्या वेळी त्यांचा अंगठा शर्टाच्या बटणावर होता आणि ते बटण दाबत होते.

मला शोकापेक्षा उपाय बरा वाटतो. मी अंगठ्याला पट्टी बांधून पाहिली. ते पट्टीसकट दाबायचे. पिस्तूल डाव्या हातात दिलं. ते उजवा हात आणून दाबायचे. परशा म्हणाला, "कळीला करंट लावू या?" मी त्याला तालमीच्या जागेचा झाडू दिला. शेवटी येळ्ळूरला जाऊन मी सुभेदार आप्पांनाच गाठलं. त्यांनी सगळं ऐकलं, चहा संपवला आणि म्हणाले, "अंगठ्याला काम पाहिजे. सैन्यात पण असंच असतंय. रिकामा माणूस आणि रिकामा अंगठा, नको तिथंच जातोय."

मी कोटाचं एक काळं बटण पिस्तुलाच्या मुठीवर, खऱ्या कळीच्या बरंच खाली, चिकटवलं. सुभेदार आप्पा तालमीला आले, पिस्तूल हातात घेऊन उलटंसुलटं केलं आणि चेहऱ्याची सुरकुतीही न हलवता म्हणाले, "आण्णा, तुमी दाबताय ती जुन्या पद्धतीची कळ. नव्यात थांबवायचं बटण खाली असतंय. हे बघा."

आण्णांनी ते बटण दाबून धरलं आणि गोळ्या झाडल्या. शेवटच्या गोळीला स्लाइड मागं जाऊन अडकली.

"बघ," ते मला म्हणाले. "दाबलं की थांबतंय. मी काय म्हणत हुतो?"

येळ्ळूरच्या प्रयोगाला मांडव भरलेला होता. इन्स्पेक्टर या वर्षी झाडतोय की खातोय, हे बघायला आजूबाजूच्या गावांतूनही लोक आले होते. सुभेदार आप्पा पुढच्या रांगेत मधोमध बसले. मी विंगेत उभी. शेवटचा प्रवेश सुरू झाला. पहिली गोळी, दुसरी, तिसरी. दिव्यांची उष्णता आणि हाताचा घाम यांचा हिशेब मी धरला नव्हता. चौथ्या गोळीनंतर बटण सुटलं आणि आण्णांच्या अंगठ्याला चिकटून बसलं. आण्णांना ते जाणवलं. त्यांनी अंगठा उचलून पाहिला. अंगठ्यावर बटण, मूठ रिकामी. थांबवायला आता काहीच नव्हतं. परशा झाडामागून त्यांच्याकडे बघत होता. आण्णांनी अंगठा तसाच हवेत धरून उरलेल्या गोळ्या झाडल्या, उतारावर ब्रेक गेलेल्या गाडीतल्या माणसाच्या चेहऱ्यानं.

स्लाइड मागं गेली आणि थांबली.

"रिकामं," सुभेदार आप्पा म्हणाले.

"रिकामं," सगळ्या मांडवानं मान्य केलं.

परशा कुऱ्हाड घेऊन बाहेर आला आणि हसला. लोकांपुढे हे हसू आजवर कधी हसावं लागलं नव्हतं, त्यामुळे कुठे संपवायचं ते त्याला कळेना. तो हसतच राहिला. आण्णांचं त्याच्याकडे लक्ष नव्हतं. ते पिस्तुलाकडे टक लावून बघत होते. "गोळ्या संपल्या असतील," ते पिस्तुलालाच म्हणाले, "कायदा संपलेला नाही." मग डाव्या हातानं त्यांनी परशाची मानगूट धरली. टाळ्या इतक्या पडल्या की पडद्याच्या दोरीवरचा माणूसही दोरी सोडून टाळ्या वाजवू लागला.

नाटक संपल्यावर मी आत गेले. आण्णा खुर्चीत बसले होते. मांडीवर पिस्तूल, अंगठ्यावर अजून बटण.

"आण्णा, पुढच्या वर्षी इन्स्पेक्टर तुम्हीच," मी म्हटलं. "सगळ्यांनी मान्य केलंय."

"ते राहू दे गं. माझा अंगठा सुटला हुता."

"मग काय झालं? नीट थांबलं की."

"तेच म्हणतोय. मी दाबलं न्हाय. मग थांबवलं कुणी?"

हा प्रश्न त्यांनी कुऱ्हाड ठेवायला आत आलेल्या परशाला विचारला. परशा म्हणाला, "आपोआप," आणि आण्णा खुर्चीतून उठले. ते म्हणाले, "तसं असंल तर मला काम नको. जे माझ्याशिवाय थांबतंय, त्याच्यासंगं मी कशाला उभा राहू? एवढी वर्षं मी मग काय केलं?"

तेवढ्यात सुभेदार आप्पा अभिनंदन करायला आत आले. आण्णांनी पिस्तूल त्यांच्यापुढे धरलं. "आप्पा, तुमी जाणते. माझा अंगठा हवेत हुता. थांबवलं कुणी?"

आप्पांनी पिस्तूल घेतलं. मॅगझिन काढलं, पट्टीवर बोट ठेवलं, कळीकडे, खाचेकडे पाहिलं. सगळं समजावून सांगायला तोंड उघडलं. मग त्यांचं लक्ष आण्णांच्या अंगठ्यावरच्या काळ्या बटणाकडे गेलं. त्यांनी मॅगझिन परत आत सरकवलं.

"मी," ते म्हणाले.

"तुमी?"

"मी. पुढच्या रांगेतनं. तुमचा अंगठा सुटलेला दिसला मला. म्हटलं, आता आपण बघितलं पाहिजे."

आण्णांनी त्यांच्याकडे पाहिलं. पिस्तूल रंगमंचावर, माणूस खाली खुर्चीत, मध्ये दिवे आणि नाटकातली दोन झाडं. हे कसं, असं त्यांनी विचारलं नाही. त्यांचे खांदे खाली आले.

"मग ठीक हाय," ते म्हणाले. "माणूस हुता म्हंजे."

त्यानंतर आण्णांनी आणखी काही वर्षं ते काम केलं. बटण पुन्हा चिकटवायची गरज पडली नाही. ते अंगठा हवेत धरून झाडत आणि स्लाइड दर वेळी थांबे. गरज पडे ती सुभेदार आप्पांची. प्रयोग कुठल्याही गावात असो, त्यांना आणायला गाडी पाठवायची, पुढच्या रांगेत मधली खुर्ची राखून ठेवायची आणि त्यांना अर्ध्यातून उठू द्यायचं नाही, हे मी व्यवस्थेत धरून चालत असे. आप्पांनीही कधी कंटाळा केला नाही. शेवटच्या प्रवेशात ते चष्मा पुसून घालत आणि पुढे झुकून बसत.

आण्णा नंतर निपाणीला लेकीकडे राहायला गेले. त्यांचा शेवटचा प्रयोग तिथेच झाला. आप्पा वाटेत गाड्यांच्या रांगेत अडकल्यामुळे उशिरा पोहोचले. तोवर आण्णांनी शेवटचा प्रवेश सुरू होऊ दिला नाही. लोक शिट्ट्या वाजवत होते. खाकी कपड्यांत, पिस्तूल हातात घेऊन ते पडद्याच्या फटीतून बाहेर बघत उभे होते.

"आला का आप्पा?"

"आले. बसले," मी म्हटलं.

"मधी बसलाय न्हवं? नीट दिसतंय न्हवं तिथनं?"

"दिसतंय, आण्णा."

"मग वाजवा फळी," असं म्हणून ते आत गेले.